सोंगाचा सदरा

चंद्रभान गावंडे मेला तेव्हा लोकांनी टाळ्या वाजवल्या.

लोकांचा तसा दोष नव्हता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची, करीची दुपार. तीन वाजलेले. हिंगणखेडच्या मारुतीच्या पारावर अर्धं गाव टेकलेलं, आणि चंद्रभान सकाळपासून सगळ्यांना हसवत होता. तो उठला, दोन पावलं तिरका चालला, तोंडातून लाळ गळू लागली आणि हातपाय झाडत खाली पडला. "अरे, पाहा पाहा!" कोणीतरी ओरडलं. "औषध मारलेल्या बोंडअळीची नक्कल करून राहिला!" नक्कल हुबेहूब होती. लोक पोट धरून हसले. अळी बराच वेळ तडफडली, मग निपचित पडली, आणि टाळ्यांचा कडकडाट झाला.

टाळ्या थांबल्या तरी चंद्रभान उठेना, तेव्हा कुठे एकाने जवळ जाऊन त्याच्या नाकाशी हात धरला.

पीएसआय ज्योत्स्ना तायडे मिरवणुकीच्या बंदोबस्तावरच होती. तिने गाडी बोलावली, दर्यापूरचा दवाखाना गाठला. पण डॉक्टरांना करण्यासारखं काही उरलं नव्हतं. त्यांनी प्रेताची पापणी वर करून दाखवली. डोळ्यातली बाहुली टाचणीच्या डोक्याएवढी झाली होती.

"फवारणीचं औषध," डॉक्टर म्हणाले. "शरीरात कसं गेलं, ते लॅब सांगेल. महिना तरी लागेल."

चंद्रभानचं गावात कृषी केंद्र होतं. वीस वर्षं त्याने हेच औषध विकलं होतं. कपड्यांना, केसांना, जेवणाच्या डब्यालासुद्धा त्याचा वास यायचा. त्याला स्वतःला तो कधीच येत नसे.

ज्योत्स्नाने अंगावरच्या कपड्यांची यादी लिहिली. एक पँट. एक रुमाल. एक मोतिया रंगाचा जुना सदरा, ओला, खिशावर निळी पट्टी, आतून मांजरपाटाचं अस्तर, दोन्ही बगलेत जोड. नर्सने हातमोजे घालून सगळं पिशवीत भरलं, ज्योत्स्नाने सील केलं. दिवसभरात तिने अशा बऱ्याच गोष्टी लिहिल्या होत्या. ही त्यांतलीच एक.

*

हिंगणखेडची सोंगांची मिरवणूक पाहायला पार अकोटहून लोक येतात. करीला बैलांच्या खांद्यावर जू ठेवायचं नाही, म्हणून सोंगांच्या बैलगाड्या माणसं ओढतात. सगळं काम घरचं. कपाशीच्या पऱ्हाट्या, तुरीच्या तुराट्या, जुनी वर्तमानपत्रं, कणकेची खळ, केरसुणीच्या मिशा. यंदा खड्ड्याचं लग्न होतं. नवरदेव खड्डा, नवरी डांबराची टाकी, आणि मंगलाष्टकं म्हणायला गुडघा फुटलेला मास्तर. मच्छरदाणीच्या घुंगटातली वीज होती. ती दर चौकात एकदा तोंड दाखवून पळायची. हे सगळं सरकारी. याला लोक हसतात, पण मनापासून नाही. लोक खरे थांबतात ते गावातल्या माणसाच्या सोंगासाठी.

त्याचे कायदे हवालदार श्यामने ज्योत्स्नाला बोटांवर मोजून सांगितले. ती बार्शीटाकळीची, इथे येऊन तिला चारच महिने झालेले.

"सोंगाच्या अंगावर त्या माणसाचा खरा कपडा पायजे, मॅडम. थो त्याच्या घरातूनच कोणीतरी गुपचूप काढून देते. कोणी देल्ला, कोणाले देल्ला, नाव घ्याचं नाई. मंग सोंग त्या माणसाच्या दारात येते. त्यानं आपल्या सोंगाच्या हातचा गूळ खाचा. सोंगाच्या अंगातला आपला कपडा आपण घालाचा आन संध्याकाळी दिवे लागेलोक तसंच गावात फिराचं. हासत."

"आणि नाही घातला तर?"

श्याम विचारात पडला. असा प्रश्न त्याला कोणी केलेलाच नव्हता. "असं कोणी करत नाई," तो म्हणाला.

यंदा चंद्रभानचं सोंग होतं. पुंजाराम आणि त्याच्यासोबतच्या फवारणीच्या मजुरांनी ते केलं होतं, आणि खरं सांगायचं तर झकास केलं होतं. चंद्रभान तीन माणसांच्या जाडीचा. सोंग मात्र एका वाळक्या पऱ्हाटीचं, मनगटाएवढं बारीक, वर बियाण्याच्या पिशवीचं मुंडकं. गळ्यात पाटी, 'मी माह्याच दुकानातल्या बियाण्याचं पीक आहो.' त्या काडीवर चंद्रभानचा सदरा गोणीसारखा लोंबत होता. पाठीवर फवारणीचा पंप, आणि पंपातून गर्दीवर पाण्याचा मारा. चंद्रभान दारात येऊन इतका हसला की त्याला उचकी लागली.

त्याला हसायला येणारच. गेली दहा वर्षं दुसऱ्यांची सोंगं तोच काढत होता.

*

ठाणेदारांनी संध्याकाळी पाचलाच प्रकरण निकालात काढलं.

"सोपं आहे, तायडे. घरात औषधाचं दुकान. दीडला त्याने घरी चहा घेतला. तीनला मेला. चहा बायकोने केला. कप धुऊनही टाकला. उद्या अकराला कोर्टात उभी करा."

"गुळाचं पाहायला हवं, सर."

"पाहा ना. पण अकराच्या आत."

ज्योत्स्नाने पाहिलं. सोंगाच्या हातात गुळाची एकच भेली होती. पहिला घास चंद्रभानने खाल्ला, उरलेली फोडून सगळ्या आळीत वाटली. पोरांनी बोटंसुद्धा चाटली होती. एकालाही काही झालेलं नव्हतं. पंपाचं पाणी शे-दीडशे लोकांच्या अंगावर उडालेलं. खुद्द ज्योत्स्नाची वर्दी भिजली होती. सगळे ठणठणीत. राहिला तो चहा.

महिला कक्षात दुर्गाबाई भिंतीला टेकून बसली होती. पंचेचाळिशीची, धिप्पाड बाई. रडून झालेलं होतं.

"सदरा तुम्ही काढून दिला?"

"हाव."

"कोणाला?"

दुर्गाबाईने तोंड भिंतीकडे फिरवलं.

"चहात काय घातलं?"

"साखर. त्यायले जास्त लागे."

"चहा घेताना ते कसे होते?"

"घामानं डबडबले होते. डोयाले पाणी. मले म्हणे, तू दोन दोन दिसून राहिली. म्या म्हटलं, कोणं भांग पाजली? त कप तोंडाले लावला आन निम्मा सांडला."

"बाई, सदरा कोणाला दिला ते सांगा. नाही सांगितलं तर उद्या खुनाचा गुन्हा तुमच्या नावावर लागेल."

"सदऱ्यानं काय माणूस मरते काय, मॅडम?" दुर्गाबाईने तिच्याकडे अशी नजर टाकली की ज्योत्स्नाच वेडी ठरावी. "ज्यानं नाव घेतलं, त्याच्या घरच्या पोरीचं सोंग निघते पुढच्या साली. माही चंदा लग्नाची आहे. मी जेलात गेली त तिले मामा सांभाळन. तिचं सोंग निघालं त कोण सांभाळन?"

बाहेर बाकावर चंदा बसली होती. वीस वर्षांची पोरगी, बाप दवाखान्याच्या शवागारात आणि आई पोलिसांत. तिला पाहायला ठाण्याच्या फाटकाशी गर्दी जमली होती. गर्दीत कोणी हसत नव्हतं, पण कोणी घरीही जात नव्हतं.

"पोरीचं सोंग खरंच काढतात?" ज्योत्स्नाने श्यामला विचारलं.

"एकडावच झालं तसं." श्याम जरा घुटमळला. "तीन सालाआंदी. नत्थुजी टेलरची नीलम. तिची वरात येशीवरून वापस गेली होती, पोरगाच पळाला. त चंद्रभानभाऊनं त्याचं सोंग काढलं. वापस जाणारी वरात. घोडं उलटं, बँडवाले उलटे, सारेच मांगं मांगं चालत होते. मांगं नवरीचं बाहुलं, तिच्याच हळदीच्या साडीत. लय हासलो आमी."

"आणि ती?"

"गूळ खाल्ला तिनं. साडी नेसली. दिवे लागेलोक फिरली गावात. आठ दिवसानं विहिरीत सापडली. पोरगीच कमजोर होती, मॅडम."

ज्योत्स्नाला त्याच्या कानाखाली ओढावीशी वाटली. तिने ते केलं नाही. "मोबाइलवर आजच्या मिरवणुकीचे व्हिडिओ असतील," ती म्हणाली. "सगळे दाखव."

*

व्हिडिओ चौदा निघाले. ज्योत्स्नाने ते दोन-दोनदा पाहिले.

अकरा वाजताचा: चंद्रभान दारात. मिरवणुकीचे पंच नत्थुजी सोंगाच्या अंगातला सदरा शिंप्याच्या लाकडी गजाच्या टोकानेच उचलून काढतात आणि लांबूनच चंद्रभानपुढे धरतात. मेलेला उंदीर धरावा तसा. गर्दीला ते फार आवडतं. चंद्रभान सदरा चढवतो, गळ्यापासून खालपर्यंत सगळ्या गुंड्या लावतो आणि पोट हलवत नाचतो. वरून पंपाचा फवारा.

साडेबाराचा: चंद्रभान चौकात. तोंड पुसतो, पुन्हा पुसतो. चालताना झोकांडी जाते. मागून आवाज, "भाऊले चढली रे!" आणि हशा.

साडेबारा. चहा दीडचा.

"श्याम, हा माणूस चहाच्या एक तास आधीच मरायला लागला होता."

श्यामने व्हिडिओ बंद केला. 'भाऊले चढली रे' हा आवाज त्याचाच होता.

पुंजाराम घरी बाजेवर पडून होता. अंग गळालेलं, डोळे बारीक. सकाळपासून त्याला उलट्या होत होत्या.

"प्यायला होतास?"

"चार सालं झाले सोडून, मॅडम. कोणी खरंच मानत नाई."

"मग?"

"ऊन लागलं असन. सकाळी सोंग सजवलं. उघड्या आंगानं चढलो गाडीवर, सदरा खांद्यावर होता, मुंडकं बसवत होतो. घंट्याभरानं गरगरलं."

"वास नाही आला सदऱ्याला?"

"आला ना. चंद्रभानभाऊचा सदरा, वास येणारच."

"तो तुला कोणी दिला?"

"गाडीले प्लास्टिकची थैली बांधेल होती. गाठ मारेल. दरसाल तशीच राह्यते. कोणं बांधली, पाहाचं नसते."

"सोंगाचे कपडे शिवतं कोण?"

पुंजाराम एवढ्या अशक्तपणातही हसला. "शिवते कोण, मॅडम? ढिला असला त मांगून दोन टाचण्या माराच्या. सोंगाले काय फिटिंग करता?"

*

नत्थुजींचं दुकान पाराजवळच होतं. पाटी 'नीलम टेलर्स'. मशीनच्या वर मुलीचा हार घातलेला फोटो. नत्थुजी साठी ओलांडलेले, बारीक, बोलायला गोड. त्यांनी ज्योत्स्नाला स्टूल पुसून दिलं.

"चंद्रभानचे कपडे तुम्हीच शिवत होता?"

"पंधरा साल झाले. मांगल्या महिन्यातच पोळ्याचा जोड शिवून देल्ला त्याले. देहानं लय सुटला होता."

"सोंगासाठी सदरा कोणी दिला असेल?"

"घरातलंच माणूस देते, मॅडम. घरात दुसरं आहे कोण? दुर्गाच." त्यांनी हळहळून मान हलवली. "वाईट झालं. पण चहा तिनंच केला म्हणतेत."

"तुमचं चंद्रभानशी वैर होतं?"

"काहून? नीलमच्या पायी?" त्यांनी फोटोकडे न पाहता सुईत दोरा ओवला. एका झटक्यात, चष्म्याशिवाय. "गावाची रीत आहे थे. मी पंच आहो तिचा, कोणाचं सोंग काढाचं थे मले इचारूनच ठरते. हासलं का दुःख हलकं होते, असं आमचे वाडवडील सांगत."

घरी आल्यावर ज्योत्स्नाने रोजच्यासारखा आईला फोन लावला. सुंदराबाईचं पहिलं वाक्य ठरलेलं असे, जेवली काय. आज तेही राहिलं, कारण पोरीने आधीच सांगितलं की फवारणीच्या पंपाच्या पाण्याने वर्दी भिजली.

"पंपाचं पाणी? आन थेच कपडे आंगात घालून बसली? पयले काढ!"

"अगं, पंप धुतलेला होता. नुसतं पाणी."

"तुले काय समजते? तुहा बाबा लोकाच्या वावरात फवारे. त्याचे कपडे म्या हातानं धुतले, त दोन दिवस दवाखान्यात होती, इसरली काय? तोंडात थेंब नोयता गेला. कपड्यातून भिनते थे, पोरी. वरून घाम आला का लवकर भिनते."

ज्योत्स्ना जागची उठून उभी राहिली. आई पलीकडे बोलतच होती. तिने पंचनाम्याची प्रत काढली आणि कपड्यांची यादी पुन्हा वाचली. मग श्यामला फोन करून दुर्गाबाईच्या घरातला एक फोटो सकाळी आणायला सांगितला. लग्नाच्या वेळचा.

*

सकाळी नऊला नत्थुजींच्या दुकानापुढे जीप थांबली. ज्योत्स्ना उतरली, तिच्यामागे पंचनाम्याचे दोन पंच, पुंजाराम, श्याम आणि दुर्गाबाई. कोर्टाला दोन तास होते.

ज्योत्स्नाने वर्तमानपत्रात गुंडाळलेलं एक पुडकं कटिंगच्या टेबलावर ठेवलं. "नत्थुजी, चंद्रभानच्या अंगात होता तो सदरा. टीप कोणाच्या मशीनची आहे, एवढं पाहून सांगा."

नत्थुजींनी स्टूल मागे सरकवलं. मग भिंतीचा गज घेतला आणि त्याच्या टोकाने कागद उलगडायला सुरुवात केली.

"हाताने उघडा ना."

नत्थुजी थांबले.

"सदऱ्यात काही आहे, हे मी अजून कोणाला सांगितलेलं नाही," ज्योत्स्ना म्हणाली. "ठाणेदारांनाही नाही. सगळा गाव चहाचं बोलतोय. मग तुम्ही गज कशाला घेतला?" तिने स्वतःच कागद फाडला. आत तिचा धुतलेला टॉवेल होता. "कालही गजच होता तुमच्या हातात. लोक हसले. गावात त्या सदऱ्याशी ज्यांचं काम पडलं, त्यांत त्याला हात न लावणारे तुम्ही एकटेच होता."

ज्योत्स्नाने लग्नाचा फोटो टेबलावर ठेवला.

"हा चंद्रभान, बावीस वर्षांपूर्वी. अगदी काडी. अंगात हाच सदरा, खिशावर निळी पट्टी. दुर्गाबाईंनी जुना म्हणून हा दिला. आता हा व्हिडिओ पाहा. काल हाच सदरा तिप्पट झालेल्या चंद्रभानला बसला. गळ्यापासून खालपर्यंत गुंड्या लागल्या. कसा बसला? दोन्ही बगलेत जोड घालून रुंद केला होता म्हणून. पंचनाम्यात माझ्याच हाताने लिहिलंय, आणि मलाच दिसलं नाही."

"त काय झालं?" श्याम म्हणाला. "सोंगासाठी केला असन."

"सोंग मनगटाएवढं होतं, श्याम. त्याला तो आधीच ढगळ होता. काडीवर घालायचा सदरा रुंद कोण करेल? ज्याला तो सोंगासाठी नकोच होता, तो. ज्याला तो जिवंत माणसाच्या अंगात, कातडीला चिकटून, चार तास हवा होता. आणि आतून मांजरपाटाचं अस्तर लावलं. त्याने औषध धरून ठेवलं, वरून सदरा कोरडा राहिला. वासाची भीती नव्हती, चंद्रभानला तो येतच नव्हता आणि बाकीच्यांना सवय होती. पंपाच्या पाण्याने आणि घामाने उरलेलं काम केलं. पुंजारामच्या खांद्यावर तो थोडाच वेळ होता, तर हा दिवसभर ओकत राहिला."

पुंजारामने नकळत खांदा चोळला.

"चंद्रभानचं आताचं माप कोणाकडे होतं? त्याच्या अंगात सदरा घालायला लावायचा हक्क कोणाचा होता? कोणाचं सोंग निघणार, हे आधी कोणाला ठाऊक असतं? तिन्हीचं उत्तर मिरवणुकीचे पंच." ज्योत्स्ना वळली. "दुर्गाबाई, काल तुम्ही विचारलं होतं, सदऱ्याने माणूस मरतं का. मरतं. आता सांगा, कोणाला दिला?"

दुर्गाबाईने नत्थुजींकडे बोट केलं. "यायलेच," ती म्हणाली. "हेच मांगायले आले होते. म्हणे, दुर्गा, यंदा तुह्या घरची गंमत करतो. म्या हासून देल्ला."

नत्थुजींनी गज जागेवर टांगला. इन्कार करण्याच्या भानगडीत ते पडले नाहीत.

"पुंजाराम मेला असता तर?" ज्योत्स्नाने विचारलं.

"मेला असता. नीलमच्या सोंगाची गाडी त्यानं बी ओढली होती."

"आणि दुर्गाबाई आज तुमच्या जागी कोर्टात गेल्या असत्या."

"गेली असती. मले म्हाईत होतं, दुर्गा नाव घेणार नाई. तिच्या घरी पोरगी आहे." त्यांचा आवाज अजूनही तसाच गोड होता. "चंदाचं सोंग निघन म्हणून भेली थे. तीन सालाआंदी वट्ट्यावर उभी राहून टाया वाजवल्या, तवा नाई भेली."

दुर्गाबाईने मान खाली घातली. "वाजवल्या," ती म्हणाली.

ज्योत्स्नाने कागद घेतला. साक्षीदार पंच टेबलाजवळ आले. ती लिहू लागली: सदरा कधी घेतला, औषध कुठून आणलं, थैली केव्हा बांधली. नत्थुजी न अडखळता सांगत गेले. औषध चंद्रभानच्याच दुकानातलं होतं. मग ती हेतूवर आली.

"नीलमच्या सोंगाचा सूड."

"हाव."

"नीलमची साडी चंद्रभानला कोणी दिली होती? कपडा घरातलंच माणूस देतं ना? मग सूड एकट्या चंद्रभानवरच का?"

मशीनवरचा हात नत्थुजींनी उचलून मांडीवर ठेवला.

"म्या देल्ली," ते म्हणाले.

श्यामच्या तोंडून काहीतरी आवाज निघाला.

"चंद्रभान मांगायले आला. मले वाटलं, पोरगी पंधरा दिवसापासून खोलीतून निघाली नाई, गाव एकडाव हासून घेईन, तिले बी हासू येईन, मंग सुटलं. असंच करतो ना आमी. बाहुल्यावर निऱ्या ठहरत नोयत्या, म्हणून म्याच इथीसा बसून टीप मारली. चांगली बारीक टीप. दारात तिनं गूळ खाल्ला. साडी हातात घेतली. निऱ्या उसवायले गेली, आन टीप पायली." त्यांनी पहिल्यांदाच फोटोकडे पाहिलं. "माही टीप थे लहानपणापासून ओयखे. तिनं मह्याकडं पायलं, मॅडम. साऱ्या गर्दीत फक्त मह्याकडं. आन मी हासत होतो."

बाहेर पारावर लोक जमू लागले होते.

"तिनं बी नाव नाई घेतलं कोणाचं," नत्थुजी म्हणाले. "आठ दिवस होती. जेवाले वाढलं मले."

ज्योत्स्नाची लेखणी थांबली होती. तिने श्यामला दुर्गाबाईला घरी सोडायला सांगितलं. दुर्गाबाई दारापर्यंत गेली, तिथे क्षणभर उभी राहिली आणि बाहेर पडली. गर्दीने तिला वाट दिली.

ज्योत्स्नाने जबाब वाचून दाखवला आणि सहीसाठी पुढे सरकवला. नत्थुजींनी तो घेतला नाही.

"साडीचं नाई लिहिलं तुमी."

"त्याला कलम नाही, नत्थुजी."

"नसू द्या. लिहा."

ज्योत्स्नाने कागद परत ओढला आणि ते म्हणाले तसंच, त्यांच्याच शब्दांत लिहिलं. मग नत्थुजींनी सही केली.